निरशा दुधाची पारख

गोठ्यावरून किटलीत आणलेलं निरसं दूध नातीला तसंच पाजायचं, हा सासऱ्यांचा हट्ट. उकळलं की म्हणे दुधाचा जीव जातो. नातीचं पोट पुन्हा बिघडलं आणि डॉक्टरांनी "यापुढे पाश्चराइज्डच द्या" असं बजावलं, तेव्हा मात्र सुनेने कंबर कसली.

"बाबा, गोठ्यातलं दूध कुठलं आणि पिशवीतलं कुठलं, ते नुसत्या चवीवरून ओळखा. ओळखलंत तर मी पुन्हा या विषयावर तोंड उघडणार नाही."

"आण, आण! या मिशा काय पिशवीतल्या दुधावर पांढऱ्या झाल्यात?"

तिने स्वयंपाकघरातून दोन कप भरून आणले. पहिला घोट घेताच सासऱ्यांनी तोंड वाकडं केलं. "हे पिशवीतलं. नुसतं पांढरं पाणी!" दुसरा कप मात्र त्यांनी शेवटच्या थेंबापर्यंत चवीचवीने संपवला आणि मिशा पुसल्या. "याला म्हणतात दूध! चाऱ्याचा वास येतोय बघ. सूनबाई, आता या घरात हेच दूध यायचं. नातीलाही हेच. कळलं?"

"तुम्ही म्हणाल तसं, बाबा," सून पडेल चेहऱ्याने म्हणाली आणि रिकामे कप उचलून आत गेली.

आत सासूबाई किटलीतलं सगळं दूध गॅसवर उकळत होत्या.

"मी सांगत नव्हते," त्या दबक्या आवाजात म्हणाल्या, "दोन्ही कपांना मिळून एकच पिशवी पुरेल म्हणून?"