ठिपक्यांचं माणूस

पडद्यावर काळोख होता आणि त्यात पांढऱ्या ठिपक्यांचं एक माणूस चालत होतं. चेहरा नाही, कपडे नाहीत, वय नाही. माझ्या प्रायोगिक फिल्मला असंच, कुणाचंच नसलेलं शरीर हवं होतं. त्यासाठी आईच्या अंगाला सेन्सर लावून मी तिला स्टुडिओत चालवलं होतं; तिच्या हालचालींचेच हे ठिपके झाले होते. "तोंड दिसणार नाही ना? मग चालेल," एवढीच तिची अट.

ठिपके एका खुर्चीपाशी आले. बसण्याआधी त्यांनी हातानं दोनदा जागा झटकली. हा तुकडा मी कापणार होते, पण राहून गेला.

आईच्या आणि माझ्या मध्ये बसलेले अण्णा, माझे वडील, एकदम ताठ झाले. "शालन!" ते म्हणाले.

आईनं आणि मी एकमेकींकडे पाहिलं. विसरण्याचा आजार जडल्यापासून त्यांनी आईला नावानं हाक मारली नव्हती. घरात वावरणारी ही बाई कोण, हेच त्यांना उमगत नसे.

आत्ताही ते आईकडे वळून अदबीनं म्हणाले, "बाई, जरा उठता का? आमची ही आलीय. ही तिची जागा."

आई "हो, उठते की," म्हणाली. खुर्च्यांच्या मागून सावकाश वळसा घालून ती परत आली, पडद्याच्या उजेडात तिनं खुर्ची दोनदा झटकली आणि बसली.

अण्णांनी तिच्या तोंडाकडे पाहिलंसुद्धा नाही. नुसता तिचा हात हातात घेतला.

"कुठं होतीस गं इतके दिवस?"