सामन्यानंतर

गार्वीसाहेबाने आजोबांची गोष्ट पुन्हा काढली, तेव्हाच संजीवनीला कळलं की आज निशिकांतला जहाजावर चढवायचं ठरलंय.

जहाज कंपनीच्या सिंगापूरच्या ऑफिसात इंजिनियरांच्या नेमणुका ती बघायची. यूअन गार्वी तिचा साहेब. निशिकांत रत्नागिरीचा, सेकंड इंजिनियर. मागच्या आठवड्यात इंजिनरूमच्या शिडीवरून पडला होता. मणक्याला मार बसलाय, दीड महिना हलायचं नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. पण त्याच्या जागी येणारा माणूस व्हिसात अडकला होता आणि जहाज उद्या सुटणार होतं. दुपारच्या सभेत निशिकांत शेवटच्या रांगेत बसला होता, शर्टाखाली पट्टा आवळून, पाठ भिंतीला लावून.

गार्वी भिंतीवरच्या मोठ्या फोटोशेजारी उभा राहिला. फोटोत उभ्या पट्ट्यांचा सदरा घातलेला, मधोमध भांग पाडलेला एक तरुण. आर्ची लेडलॉ, गार्वीच्या आईचे वडील. स्कॉटलंडहून सुट्टीला आलेली आई आज पहिल्या रांगेत चहाचा कप घेऊन बसली होती. ऐंशी उलटलेली बाई. पोराने तिला मुद्दाम ऑफिस दाखवायला आणलं होतं.

गोष्ट सगळ्यांना पाठ होती. १९३१ सालचा फुटबॉलच्या कपचा सामना. अर्ध्या तासातच आर्चीचा गुडघा फिरला. बदली खेळाडू उतरवायची सोय तेव्हा नव्हती. जायबंदी माणसाला डाव्या कडेला नुसतं उभं करत. आर्ची तसाच एका पायावर उभा राहिला, आणि शेवटच्या मिनिटाला चेंडू समोर आला तेव्हा त्याने त्याच दुखऱ्या पायाने गोल मारला. दुसऱ्या दिवशी पेपरात त्याचं नाव.

"आणि आजकाल," गार्वी हसत म्हणाला, "पाठ दुखली की लोक घरी जायचं तिकीट मागतात."

निशिकांतकडे त्याने पाहिलं नाही. बाकी सगळ्यांनी पाहिलं.

निशिकांत खुर्चीचा हात धरून उठू लागला. अर्ध्यात थांबला, ओठ दाबून श्वास घेतला. "जातो मी, मॅडम," तो संजीवनीला मराठीत हळूच म्हणाला. "नाहीतर पुढच्या वेळी हे मला घ्यायचे नाहीत."

संजीवनीची कानशिलं तापली. साहेबाशी केबिनमध्ये बोलायचं, असं तिने सकाळीच ठरवलं होतं. आता तिला तेवढं थांबवेना. ती सरळ पहिल्या रांगेकडे वळली.

"मिसेस गार्वी, सामन्यानंतर तुमच्या वडिलांचं काय झालं?"

आई प्रवासाने दमलीय, असं गार्वी म्हणू लागला. आईने कप खाली ठेवला.

"हे मला आजवर कुणी विचारलंच नाही," ती म्हणाली.

मग ती बोलत गेली. गुडघा भोपळ्यासारखा सुजला आणि पुढे कधी पुरता वाकलाच नाही. क्लबने महिना दोन महिने वाट पाहिली आणि पगार बंद केला. पण आर्चीचं नाव आपल्या यादीतून सोडलं नाही. क्लबने सोडल्याशिवाय दुसरीकडे खेळता येत नसे, असा नियमच होता. खेळवायचं नाही आणि जाऊही द्यायचं नाही, अशी दोन वर्षं गेली. सोडलं तेव्हा त्याला घ्यायला कुणी तयार नव्हतं. गोदीत काम मिळालं, तर शिडी चढता येईना. एका शाळेच्या आवारात तो म्हातारपणापर्यंत झाडू मारत राहिला.

"त्या दिवशी त्याने दोनदा विचारलं होतं, बाहेर येऊ का म्हणून. मॅनेजर म्हणाला, आलास तर उद्यापासून येऊच नकोस. मी तेव्हा पाळण्यात होते. तो शूर नव्हता, यूअन. तो घाबरला होता."

गार्वीचा चेहरा लाल झाला. "आई, इथे नको."

"मग कुठे? भिंतीवर तूच टांगलंयस त्याला."

निशिकांत अजून तसाच, अर्धवट उभा होता.

"बसा, निशिकांत," संजीवनी म्हणाली. मग सगळ्यांना ऐकू जाईल अशा इंग्रजीत तिने सांगितलं, की हा माणूस जहाजावर जाणार नाही, घरी जाणार आहे, आणि त्याला फिट ठरवणाऱ्या कुठल्याही कागदावर ती सही करणार नाही.

जहाज अडून राहिलं. निशिकांत मुंबईच्या विमानात बसला. गार्वीने मात्र सभा संपताच तिला केबिनमध्ये बोलावून आठवण करून दिली, की तिचा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे इथे राहून नोकरी करायचा परवाना, याच कंपनीच्या नावावर आहे, आणि हौगांगच्या फ्लॅटमध्ये तिचा नवरा आणि शाळेत जाणारी मुलगी त्या पासवरच राहतात. तिला माहीत होतं. पुढच्या महिन्यात तिची नोकरी गेली.

सभेच्या त्या दुपारीच ती गार्वीच्या आईला टॅक्सीपर्यंत सोडायला खाली उतरली. पोरगा आला नव्हता. म्हातारी टॅक्सीत बसली, काठी मांडीवर आडवी घेतली.

"आमचं घर मैदानाजवळ होतं," ती म्हणाली. "शनिवारी सामना सुरू झाला की आरडाओरडा घरात ऐकू यायचा. वडील उठून खिडकी लावून घ्यायचे. आणि यूअन, एवढासा होता, लगेच जाऊन ती उघडायचा."

"मग?"

"वडील पुन्हा उठायचे, लंगडत जायचे, पुन्हा लावायचे. तो पुन्हा उघडायचा." तिने दाराची मूठ धरली. "मी तेव्हाच त्याला एक ठेवून द्यायला हवी होती."

तिने दार इतक्या जोरात ओढून घेतलं, की ड्रायव्हरने मान वळवून मागे पाहिलं.