उंच सुरातली मा

गळ्यावरच्या शस्त्रक्रियेनंतर सुनेचा आवाज परतला, पण त्यातली उंची नि चढउतार परतले नाहीत. सासरच्या भाषेत त्यावाचून फारसं अडलं नाही. इथली ‘आई’ कोणत्याही पट्टीत आईच राहते. माहेरच्या भाषेत मात्र ‘मा’ उंच, सपाट सुरात म्हटली तरच आई. सूर चढत गेला तर ताग, कोसळला तर रागावणं आणि खाली बुडून वर आला तर घोडा. सकाळपासून ओट्यापाशी उभी राहून ती तेवढंच म्हणून पाहत होती. आई काही उमटत नव्हती.

माहेरचा फोन वाजला. तिने मोबाइल पालथा घातला.

“अगं, उचल की,” भाजी निवडता निवडता सासूबाई म्हणाल्या. “ऑपरेशन झाल्यापासून तुझा आवाज ऐकला नाही तिने. जीव मुठीत धरून बसली असेल बिचारी.”

“नको, आई. मला तिला हाकच मारता येत नाही. काय बोलू?”

“इतकी वर्षं रोज संध्याकाळी तुझी ती हाक ऐकून माझे कान किटलेत. आण इकडे.”

सासूबाईंनी हात पुसले, फोन कानाला लावला आणि हाक मारली: “मा!” उंच, सपाट, जराही न हलणाऱ्या सुरात.

पलीकडून शब्दांचा लोंढा आला, मधूनच हुंदका. सासूबाईंना त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. तरी सुनेकडे एकवार पाहून त्या ठामपणे म्हणाल्या, “हो हो, जेवते ती. अगदी पोटभर.”