उरलेले दोन चरण

दार उघडेना.

बाहेर उन्हात वरात ताटकळत उभी होती. नवरा मुलगा रुसदी, त्याच्या आत्या, मावश्या, हातांत पानांची नि कपड्यांची तबकं. सगळे सकाळीच टेकडी ओलांडून आले होते. टेकडीपलीकडचं मेलानो मलेशियात, अलीकडचं तेमाजुक इंडोनेशियात. चौकीवरच्या शिपायांनी नवऱ्या मुलाची थट्टा करत सगळ्यांना सोडलं. थांबवलं फक्त जैदीमामांना, कारण त्यांच्या पासाची मुदत संपली होती. आणि वरातीत पांतुन म्हणणारे तेवढे एकटे जैदीमामाच.

दाराआड नवरीची आजी बसली होती, रुकायाह आजी. ती आतून पांतुन म्हणणार, नवऱ्याकडच्यांनी बाहेरून पांतुननंच उत्तर द्यायचं, मग दार उघडायचं, अशी रीत. पांतुन म्हणजे चार चरणांचा खेळ. पहिल्या दोनांत समुद्र, झाडं, वेली. पोटातलं काय ते पुढच्या दोनांत.

आजीनं घसा खाकरला.

"खाडीत भरती, नावेत मासा,
मिरीची वेल चढते माडाला;
पाहुण्या, तुझा सांग भरवसा,
कोण रे आला माझ्या दाराला?"

"आता गं?" रुसदीची आत्या कुजबुजली. "मामा तर चौकीत चहा पीत बसलेत."

रुसदीनं खिशातून मोबाइल काढला आणि कुठूनसा एक पांतुन शोधून वाचला. त्यात गुलाब होते, चंद्र होता, हृदय होतं. हृदयापाशी तो अडखळला.

"हा तुझा, का तुझ्या फोनचा?" आतून आवाज आला.

आतल्या बायका खिदळल्या. बाहेरचेही हसले.

"फोनचा, आजी. मी मिरी पिकवतो. मला हे नाही जमत."

"खरं बोललास, बरं केलंस. पण खरं बोलून हे दार उघडत नाही."

आत्यानं दाराच्या फटीतून मिठाईचा पुडा आत सरकवला. एरवी एवढ्यावर भागतं. पुडा तसाच बाहेर आला.

मग आजीनं दुसरा पांतुन म्हटला. या वेळी आवाज खाली आला होता.

"कासवी येते वाळूवर रात्री,
अंडी पुरून परतते दूर;
नेशील नात, देशील का खात्री,
माझ्या शब्दाला कोण देईल सूर?"



गावात आजीच्या पांतुनला उत्तर देणारी तिची नणंद होती, ती गेली. तरुण पोरं कराओकेच्या यंत्रावरची गाणी म्हणतात. राहिली होती ती एकटी मस्तुरा, आज नवरी झालेली. दुधाचे दात पडले नव्हते तेव्हापासून ती आजीच्या चटईवर बसायची. आजी दोन चरण टाकायची, ही दोन जुळवायची. भाजी निवडताना, मासे वाळत घालताना, भांडताना सुद्धा. हे स्थळ आजीनंच पसंत केलं होतं. "पोरगा कष्टाळू आहे, तोंडावरून खोटा वाटत नाही," असं तीच म्हणाली होती. पण तारीख ठरली आणि आजीचं पांतुन म्हणणं बंद झालं. वय झालं, असं घरच्यांना वाटलं.

रुसदी दारापुढे मान खाली घालून उभा राहिला.

आतल्या खोलीत मस्तुरा जरीच्या वस्त्रांत बसली होती. नवरीनं या वेळी तोंडातून अक्षर काढायचं नसतं. मावशीनं तिचा हात दाबून धरला होता. पडद्यामागून तिचा आवाज आला.

"कासव फिरते सातही सागर,
अंडी घालते जन्माच्या वाळूत;
कशी गं आटेल तुझी घागर?
शब्द जिरवलेस माझ्या टाळूत."

"अगं बाई, नवरी बोलली!" मावशीनं कपाळाला हात लावला. "आणि तीही पलीकडच्यांच्या बाजूनं!"

"त्यांच्याकडून बोललीस होय गं, लबाडे?" आजी म्हणाली.

"त्यांच्याकडे कुणी नव्हतं, आजी."

"आणि आता माझ्याकडे कोण आहे?"

पण पांतुनला उत्तर तर मिळालं होतं. मग आजी गुडघ्यावर हात रेटून उठली आणि कडी तिनं स्वतःच्या हातानं काढली. रुसदीनं वाकून तिचा हात कपाळाला लावला. आजीनं त्याचा गालगुच्चा घेतला, जरा जोरातच.

दुपारी पाठवणीला ती पायरीवर आली. मस्तुरा गळ्यात पडून रडत होती. आजी तिच्या कानाशी म्हणाली,

"नाव बांधली नारळीपाशी,
दोर ठेवला जरासा सैल..."

आणि थांबली.

"पुढचे दोन?" मस्तुरानं डोळे पुसत विचारलं.

"मला नाही सुचत." ही शुद्ध थाप होती, हे अख्ख्या तेमाजुकला ठाऊक होतं. "टेकडीपलीकडे सुचतात का बघ. सुचले की येऊन सांग."

आठवडा लोटायच्या आत मस्तुरा टेकडी उतरून आली. पायरीवर बसून तिनं उरलेले दोन चरण आजीच्या कानात सांगितले आणि जाताना नवे दोन मागे ठेवून गेली. पुढच्या खेपेला आजीनं ते पुरे केले आणि आपले दोन बरोबर दिले. आता चौकीवरचा शिपाई पासावर शिक्का मारताना विचारतो, "काय वहिनी, आज पहिले दोन का पुढचे दोन?"

त्या घरातला एकही पांतुन तेव्हापासून एका देशात पुरा झालेला नाही.