लाल पट्टी

“सगळ्यांत लाल काय असेल ते द्या!” हिमेनाने दुकानाची लोखंडी जाळी दोन्ही हातांनी धरून हलवली. “सेगुंदोकाका, लवकर!”

जाळीमागे सेगुंदोकाका मका तोलत होते. त्यांनी कपाळावरचा चष्मा खाली घेतला. “लाल? कुणाला?”

“आईला.”

“तार्हेलियाबाईंना लाल द्यायचं नाही, अशी तूच तर ताकीद देऊन गेलीस.” त्यांनी बोट दाखवलं. तराजूच्या वर हिमेनाच्याच अक्षरातला कागद चिकटवलेला होता. “साधं बिस्कीट मागितलं तरी देत नाही मी. शिव्या खातो, पण देत नाही.”

“तिची साखर उतरलीय, काका! इन्सुलिन टोचून घेतलं आणि काही न खाताच पाव आणायला निघाली. बघा तिकडे!”

जाळीबाहेरच्या बाकावर तार्हेलियाबाई बसल्या होत्या. आंबातो शहरातल्या त्या चढावर सकाळचा वारा बोचत होता, आणि त्यांच्या कपाळावरून घाम ओघळत होता. हॅट घसरून पायाशी पडली होती. ती उचलायला हात जाई आणि वाटेतच थरथरत थांबे.

काकांनी जाळीच्या चौकटीतून एक बाटली पुढे सरकवली. हिमेनाने ती फिरवून पाहिली. वेष्टनावरची, आत साखर किती ते सांगणारी पट्टी हिरवी.

“हिरवी नको! हिच्यात साखरच नाहीये!”

“हात सवयीने तिकडेच गेला, पोरी.” दुसरी बाटली आली. संत्र्याच्या चवीचा गोड कोला, थंडगार, झाकण काढलेला. पट्टी लालभडक.

तार्हेलियाबाईंना अक्षरओळख नव्हती. पाकिटांवरचे रंग त्यांना हिमेनाने शिकवले होते, चौकातल्या सिग्नलसारखे. हिरवं खुशाल खा, पिवळं जपून, लाल दिसलं की तोंड बंद. दर रविवारी ह्याच बाकावर ती परीक्षा घ्यायची. एकेक पुडा आईसमोर धरायची, आणि आई चुकली की घरी पोचेपर्यंत बोलायची नाही.

आज रविवारच होता.

“आई, पी.”

तार्हेलियाबाईंची नजर बाटलीवर फिरत फिरत पट्टीवर येऊन थांबली. त्यांनी ओठ आवळले.

“लाल,” त्या म्हणाल्या. जीभ जड झाली होती. “नाही.”

“आज चालतं.”

“फसवतेस. परीक्षा...”

“परीक्षा नाही गं! पी ना!”

हिमेनाने बाटली ओठांना टेकवली. आईने ती हाताने ढकलली. कोला शालीवर सांडला. हिमेनाने पुन्हा बाटली लावली, तर काचेवर दात कडकड वाजले, पण उघडले नाहीत. “लाल नाही,” दातांमागून आवाज आला, आधीपेक्षा लहान. डोळे मिटायला लागले होते.

हिमेनाने बाटलीवरचं वेष्टन नखांनी ओरबाडलं. अर्धंच निघालं. उरलेलं तिने दातांनी फाडलं, मुठीत चुरगळलं आणि आईपुढे गुडघ्यांवर बसली.

“बघ. काहीच नाहीये. आई, डोळे उघड. बघ.”

तार्हेलियाबाईंनी उघड्या काचेवर पट्टी शोधली. बराच वेळ शोधली. मग ओठ विलग झाले. एक घोट. हनुवटीवरून थोडा ओघळला. दुसरा घोट. मग आणखी.

सेगुंदोकाका किल्ल्या चाचपत बाहेर आले होते. पडलेली हॅट उचलून ते नुसतेच उभे राहिले. बस घरघरत चढावर गेली. त्यामागून आणखी एक गेली. हळूहळू बाईंचे हात मांडीवर शांत झाले.

“माझी हॅट कुणी घेतली?” त्यांनी विचारलं.

“मी नाही चोरली हो,” काका म्हणाले. त्यांनी हॅट पुढे केली.

तार्हेलियाबाईंनी हॅट घेतली, झटकली. रिकाम्या बाटलीकडे पाहिलं. “कसलं होतं गं ते?”

“हिरवं,” हिमेना म्हणाली.

आईने ओठांवरून जीभ फिरवली. “हिरव्याला ही चव नसते.” मग पुढे झुकून, काकांना ऐकू जाणार नाही इतक्या हळू, “पण आधी मी नाहीच म्हटलं होतं. दोनदा. पास ना?”

हिमेनाच्या मिटलेल्या मुठीतून वेष्टनाची लाल कड बाहेर आली होती. आईने ती पाहिली, आणि हॅट डोक्यावर नीट बसवू लागली.