घट्ट झाकण

नात अडीच वर्षांची झाली तरी बोलत नव्हती. तिने बोट दाखवायचा अवकाश, शिंपी आजोबा हातातलं शिवणकाम टाकून वस्तू तिच्यापुढे धरत. स्पीच थेरपिस्ट बाईंनी काल त्यांनाच धरलं. "कान तपासले, ठणठणीत आहेत. पण आजोबा, तिच्या जिभेचं काम तुमचे हात करतात. दहा मोजेपर्यंत थांबत जा." आज तिने रिकाम्या रिळांचा डबा त्यांच्यापुढे सरकवला. झाकण त्यांनी मुद्दामच घट्ट लावलं होतं. हात शिवशिवू लागले, तसे ते मांडीखाली दाबून मोजत बसले. चारला तिने बाही ओढली. सातला ओठ काढला. "बाबा, देऊन टाका ना," सून दारातून कळवळली. त्यांनी तिला डोळ्यांनीच दटावलं. दहा उलटले. चौदाला बारीक आवाज आला, "उघल." आजोबांनी डबा उघडला, एक रीळ नातीला दिलं आणि झाकण पुन्हा घट्ट लावलं.