बुचाची वेणी

कॉलेजच्या नव्या हॉलमध्ये शिरले आणि आधी वर पाहिलं. आभाळाच्या जागी पत्रा. खाली चकचकीत लाकडी कोर्ट, वास मात्र कशाचाच नाही.

आमच्या वेळी बास्केटबॉलच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा इथेच, उघड्या सिमेंटवर व्हायच्या. कडेला बुचाचं उंच झाड होतं. ऐन सामन्यात फुलं पडायची, पाय घसरायचे, मग शिट्टी वाजली की यजमान म्हणून आम्हीच झाडू घेऊन धावायचो. त्या फुलांची, देठात देठ गुंफून, बिनदोऱ्याची वेणी व्हायची. जिंकलेल्या कप्तानानं ती हरलेल्या कप्तानाच्या केसांत माळायची, ही आमच्या कोर्टाची रीत. कराडच्या हेमलताला ती दरवर्षी मीच माळली. दरवर्षी तिनं दातओठ खात मान वाकवली.

आज अंतिम सामन्यात पुन्हा तीच दोन कॉलेजं होती. आमच्या पोरी थोडक्यात हरल्या. मी चडफडत उठणार, तेवढ्यात मागून कुणीतरी खांदा दाबला.

"बस खाली. मान वाकव."

वळून पाहिलं तर हेमलता! केस पांढरे झालेले, आणि हातात बुचाची ताजी वेणी.

"अगं, हॉल बांधताना झाड तोडलं त्यांनी. फुलं आणलीस कुठून?"

"माझ्या अंगणातून." माझ्या आखूड केसांत ती पिन खोचू लागली. "शेवटच्या वर्षी हरले ना, तेव्हा रागारागानं तुमच्या झाडाखालचं एक रोप उपटून नेलं होतं."